पुन्हा बोलावणं

जून स्पेन्सर हे नाव मराठी माणसाच्या कानावरून गेलं असण्याची शक्यता तशी कमीच. इंग्लंडात मात्र तीन पिढ्यांनी हा आवाज घरात ऐकला. बीबीसीच्या 'द आर्चर्स' या रेडिओ मालिकेचे पहिले प्रायोगिक भाग १९५० च्या मे महिन्यात लागले, तेव्हा त्यात पेगी नावाची एक तरुण सून होती. तिला आवाज दिला होता जून स्पेन्सर यांनी. ३१ जुलै २०२२ ला त्यांच्या आवाजातला पेगीचा शेवटचा भाग लागला, तेव्हा बाई १०३ वर्षांच्या होत्या. मधली काही वर्षं सोडली तर भूमिका तीच आणि काम तेच. हातात कागद धरायचा, माईकसमोर जायचं आणि जे शेत, जे स्वयंपाकघर तिथे नाहीच त्यात आहोत असं समजून बोलायचं. नोव्हेंबर २०२४ मध्ये त्या गेल्या, १०५ वर्षांच्या होऊन.

आमच्या क्षेत्रात एका कंपनीत तीन वर्षं काढली की लोक "अजून तिथेच का?" असं काळजीच्या सुरात विचारतात. त्यामुळे एक पात्र, सत्तर वर्षं, हे वाचून मला आधी गंमत वाटली, मग थोडा हेवा वाटला. आणि मग एक प्रश्न पडला, ज्याच्यापायी हा अख्खा शनिवार खर्ची पडतोय. आज विशीत असलेल्या एखाद्या मुलीला आवाजाच्या जोरावर असं आयुष्य काढता येईल का? माझं मत आधीच सांगून टाकतो, म्हणजे ज्यांना पटणार नाही त्यांना इथूनच भांडायला सुरुवात करता येईल :-) मला वाटतं, येणार नाही. आणि त्याचं खापर आपण तंत्रज्ञानावर फोडतो ते चूक आहे. आपण आवाजाचे जे करार करतो त्यांच्यामुळे येणार नाही.

पण आधी थोडं 'आर्चर्स'बद्दल, कारण ते कळल्याशिवाय पुढचं कळणार नाही.

२०२३ मध्ये कामासाठी चार महिने बर्मिंगहॅमला होतो. ज्या सहकाऱ्याच्या गाडीतून परत यायचो तो संध्याकाळी सात वाजता बोलणं थांबवायचा. एक टुमटुमीत धून वाजायची आणि पुढे तेरा-चौदा मिनिटं गाडीत फक्त रेडिओ. ('बारविक ग्रीन' नावाची ही धून १९२४ ची आहे, आर्थर वूड यांची.) पहिला आठवडा मला काही म्हणजे काही कळलं नाही. गाई, दूध, कुणाचं तरी लग्न, पंचायतीसारखी काहीतरी बैठक. दुसऱ्या महिन्यात मीच त्याला विचारायला लागलो की काल त्या म्हातारीचं पुढे काय झालं म्हणून.

मालिकेचा जन्म मोठा गमतीशीर आहे. महायुद्ध संपून पाच वर्षं झाली तरी ब्रिटनमध्ये रेशनिंग चालूच होतं. शेतकऱ्यांनी नव्या पद्धती वापरून पीक वाढवावं अशी सरकारची इच्छा. पण सल्ला कोण ऐकतो? तेव्हा गॉडफ्री बेसली या निर्मात्याने कृषी खात्याशी बोलून असं ठरवलं की सल्ला गोष्टीत घालून द्यायचा. आपल्या 'आमची माती आमची माणसं'ला एक घर, दोन भावंडं आणि एक रुसलेली सून जोडली तर जे होईल, साधारण तसं. १ जानेवारी १९५१ पासून मालिका देशभर सुरू झाली आणि अजून चालू आहे. वीस हजारांहून जास्त भाग झाले. शेतीचा सल्ला केव्हाच मागे पडला, माणसं राहिली.

हे काम चालतं कसं तेही सांगायला हवं. श्रोत्याला दिसत काहीच नाही, त्यामुळे स्टुडिओत सगळी सोंगं चालतात. गवतावरून चालायचं असेल तर जुनी ध्वनिमुद्रणाची टेप गुंता करून पायाखाली टाकायची. शेताचं फाटक करकरलं पाहिजे तर इस्त्रीचं फोल्डिंग टेबल उघडायचं. कोकरू जन्माला घालायचं तर ओला टॉवेल आणि दही. (हे वाचल्यापासून मला दह्याकडे पूर्वीसारखं बघता येत नाही.) जिन्याच्या पायऱ्यांना निरनिराळे पृष्ठभाग, एकीकडे लाकूड, एकीकडे सिमेंट, एकीकडे गालिचा. ज्याच्या घरी गेलो त्याच्या ऐपतीप्रमाणे चढायचं. चुंबन स्वतःच्याच हाताच्या पाठीवर. आणि कागद उलटताना आवाज होता कामा नये, हे सगळ्यात अवघड. यातलं काहीही एका दिवसात येत नाही. माईकपासून वीतभर मागे सरकलं की माणूस दाराबाहेर जातो, अगदी जवळ आलं की तो मनातलं बोलतो. हे गणित अंगात मुरायला वर्षं लागतात.

आता माझ्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट. 'आर्चर्स'चे नट बीबीसीचे पगारी नोकर नाहीत. त्यांना महिन्याचा बांधलेला पगार नसतो. ज्या भागात पात्र बोलणार त्या भागापुरतं बोलावणं आणि तेवढेच पैसे. महिन्यातले थोडे दिवस हे काम, बाकीचे दिवस नाटक, दुसरी रेडिओची कामं, जे मिळेल ते. म्हणून मालिकेत कित्येक पात्रं नुसत्या उल्लेखावर वर्षानुवर्षं जगतात. "तो मघाशी इथेच होता" असं कुणीतरी म्हणतं, तो बोलत मात्र कधीच नाही. म्हणजे जून स्पेन्सर यांची सत्तर वर्षांची कारकीर्द दुरून अखंड दिसते, पण जवळ जाऊन पाहिलं तर ती हजारो लहान लहान बोलावण्यांची आहे. दर वेळी कुणीतरी लेखकाने पेगीसाठी वाक्यं लिहायची, कुणीतरी त्यांना तारीख कळवायची, त्यांनी यायचं, बोलायचं, पैसे घ्यायचे. पुन्हा पुढच्या वेळी तेच.

यात सुख आहे तसा धोकाही आहे, कारण ज्याच्या हातात बोलावणं त्याच्या हातात न बोलावणंही. याचं सगळ्यात गाजलेलं उदाहरण याच मालिकेतलं. २२ सप्टेंबर १९५५ च्या रात्री ग्रेस आर्चर ही नुकतीच लग्न झालेली नायिका जळत्या तबेल्यातला घोडा वाचवायला आत शिरली आणि मेली. देश हादरला. बीबीसीकडे फोन, पत्रं, फुलं. त्याच रात्री ब्रिटनमध्ये आयटीव्ही ही पहिली खाजगी टीव्ही वाहिनी सुरू होत होती आणि दुसऱ्या दिवशीच्या पेपरात तिच्याऐवजी ग्रेसचं मरण झळकलं. हा योगायोग नव्हता हे सगळ्यांनाच माहीत आहे. पण ग्रेसचा आवाज असलेल्या इझान चर्चमन यांनी पुढे आणखी एक कारण सांगितलं. पुरुष नटांइतकेच पैसे मिळावेत म्हणून त्या कलाकारांच्या संघटनेकडे गेल्या होत्या, त्याची ही शिक्षा होती, असं त्यांचं म्हणणं.

तबेला काय, कुणालाही पेटवता येतो.

पण आवाज बाईंचाच होता, तो बीबीसीने विकत घेतलेला नव्हता. चर्चमन पुढेही काम करत राहिल्या. 'डॉक्टर हू' या मालिकेत १९७२ आणि १९७४ मध्ये त्यांनी परग्रहावरच्या एका एकडोळ्या प्राण्याला चिरका, घाबरट आवाज दिला. २०१७ मध्ये त्याच प्राण्याला एका भागात छोटंसं काम निघालं, तेव्हा ४३ वर्षांनी पुन्हा त्यांनाच बोलावलं. त्या ९२ वर्षांच्या होत्या. आल्या आणि तोच आवाज काढून गेल्या. जुनी टेप वापरता आली असती, एखाद्या नकलाकाराकडून करून घेता आलं असतं. बोलावलं, कारण तेच बरोबर होतं.

नॉर्मन पेंटिंग यांची गोष्ट याच्या दुसऱ्या टोकाला. १९५० पासून ते फिल आर्चर होते, म्हणजे बिचाऱ्या ग्रेसचा नवरा. पुढे 'ब्रुनो मिल्ना' या टोपणनावाने त्यांनी मालिकेचे सुमारे बाराशे भाग लिहिलेही. (माणूस स्वतःचेच संवाद स्वतःच लिहितोय, आमच्याकडे डेव्हलपरने स्वतःचंच टेस्टिंग करण्यासारखं. पण ते असो.) ऑक्टोबर २००९ मध्ये ते गेले. शेवटचं ध्वनिमुद्रण मरणाच्या दोन दिवस आधीचं.

आता वयाबद्दल. लोक म्हणतात आवाजाच्या कामात वय दिसत नाही, म्हणून इतकी वर्षं चालतं. अर्धं खरं आहे. वय दिसत नाही, पण ऐकू येतं, आणि ऐकू येतं हाच त्यातला जीव आहे. पेगी तिशीतली होती तेव्हा तिचा नवरा दारुडा होता. तो मेला, तिने पुढे म्हातारपणी जॅक वूली नावाच्या माणसाशी लग्न केलं. या जॅकला २००० नंतरच्या दशकात अल्झायमर झाला. घरातल्या माणसाला आपलं नाव आठवत नाही, हे रोज संध्याकाळी थोडं थोडं, कित्येक वर्षं लोकांनी ऐकलं. जून स्पेन्सर यांच्या स्वतःच्या नवऱ्याला हाच आजार होता, तो २००१ मध्ये वारला होता. आणि जॅकचं काम करणारे आर्नोल्ड पीटर्स यांनाही पुढे खरोखरच अल्झायमरने गाठलं. त्या दोघांचे ते प्रसंग मी आता शोधून शोधून ऐकले. बाई कुठेही रडत नाहीत. नवऱ्याला कोट घालायला सांगताना आवाज जरा जास्तच सरळ ठेवतात, एवढंच. हे ऐंशी ओलांडलेल्या, स्वतः त्यातून गेलेल्या बाईलाच जमणारं होतं. १९५० च्या जून स्पेन्सरला ते जमलं नसतं, आणि त्या वयातल्या आवाजाचा कितीही हुबेहूब नमुना कुणी काँप्युटरवर काढला तरी त्यालाही जमलं नसतं.

आपल्याकडे या जातीचं नाव म्हणजे बाळ कुडतरकर. विशीही गाठली नव्हती तेव्हा, १९३९ साली, ते मुंबईच्या रेडिओवर लागले. जुलै २०२० मध्ये ९८ व्या वर्षी गेले. मधल्या काळात नभोनाट्यं, श्रुतिका, माहितीपटांची निवेदनं, आणि ज्याच्यामुळे ते घराघरात पोचले ते 'पुन्हा प्रपंच'. प्रभाकर जोशींचे प्रभाकरपंत, नीलम प्रभूंच्या मीनावहिनी आणि कुडतरकरांचे टेकाडे भावोजी. आम्ही वयाने फार उशिरा आलो, त्यामुळे ते थेट कधी ऐकलं नाही. पण माझी आजी "टेकाडे भावोजी म्हणायचे ना" असं जे म्हणायची, ते शेजारच्या वाड्यातल्या कुणाबद्दल बोलावं अशा सुरात. मला बरीच वर्षं ते आमचे लांबचे नातेवाईकच वाटत होते. कुडतरकर आकाशवाणीचे नोकर होते, तेव्हा त्यांचं आणि 'आर्चर्स'वाल्यांचं पोटापाण्याचं गणित वेगळं. पण आवाजाची तऱ्हा तीच. नोकरी संपली, आवाज संपला नाही.

आज मराठीत असं काम कुठे आहे? श्रुतिका अजून होतात, पण त्यावर घर चालत नाही. डबिंग आहे, जाहिराती आहेत, ऑडिओबुक आहेत. आणि आमच्या धंद्यातलं एक काम आहे ज्याच्याकडे कुणी कला म्हणून बघत नाही. आयव्हीआर. "मराठीसाठी दोन दाबा" म्हणणारी बाई.

दोन वर्षांपूर्वी एका वित्तसंस्थेसाठी आमची टीम हे काम करत होती. आवाजासाठी ज्या ताई आल्या त्या पन्नाशीच्या पुढच्या, कॉलेजात असल्यापासून रेडिओवर श्रुतिका केलेल्या. मराठी आयव्हीआरमध्ये एक मजेदार तांत्रिक अडचण आहे. इंग्रजीत सत्तावीस-अठ्ठावीस शब्द रेकॉर्ड केले की ते जोडून नव्याण्णवपर्यंतचा कुठलाही आकडा बोलता येतो. मराठीत त्रेपन्न वेगळा, सदुसष्ट वेगळा, एकोणऐंशीचं तर विचारूच नका. शंभरच्या शंभर आकडे रेकॉर्ड करावे लागतात. बरं, वाक्याच्या मध्ये आलेला आकडा वरच्या सुरात लटकतो आणि शेवटी आलेला खाली उतरतो, म्हणजे दुप्पट. ताईंनी दोनशे आकडे न कंटाळता दिले. मग "आपला हप्ता थकीत आहे" हे वाक्य आलं तेव्हा थांबल्या आणि मला विचारलं, "अरे, हे मी सांगत्येय कुणाला? दुकानदाराला की पेन्शनवाल्या आजोबांना?" मी म्हटलं, दोघांनाही. त्या दोन मिनिटं गप्प बसल्या आणि मग ते वाक्य अशा आवाजात बोलल्या की ऐकणाऱ्याला लाजही वाटू नये आणि विसरताही येऊ नये. मी काचेच्या अलीकडे बसून ऐकत होतो. स्पेसिफिकेशनमध्ये असलं काही लिहिता येत नाही.

दीड वर्षाने त्यांचा फोन आला. त्यांच्या नणंदेने त्यांना विचारलं होतं, "वहिनी, तुम्ही वसुलीच्या कामाला कधीपासून लागलात?" नणंदेला जो कॉल आला होता त्यात कायदेशीर कारवाईची धमकी होती, आवाज ताईंचा होता. "मी हे वाक्य बोललेच नाहीये रे," एवढंच त्या पुन्हा पुन्हा म्हणत होत्या.

वाक्य खरंच त्यांनी बोललेलं नव्हतं. संस्थेने मधल्या काळात दुसरा व्हेंडर घेतला होता, त्याने जुन्या रेकॉर्डिंगवरून ताईंच्या आवाजाचं मॉडेल बनवलं होतं आणि आता हवं ते टाईप केलं की ताई बोलत होत्या. मी मेल टाकला. उत्तर आलं की करारात बसतं. आणि बसत होतंच. एकदाच दिलेले ठोक पैसे, आणि त्यापुढे एक लांबलचक इंग्रजी वाक्य, ज्याचा अर्थ: आज असलेल्या आणि उद्या निघणाऱ्या सर्व माध्यमांत, सर्व कामांसाठी, जगभर, कायमचं. असलं वाक्य या धंद्यात सर्रास असतं. टेपच्या जमान्यात ते निरुपद्रवी होतं, कारण टेपवर जेवढं बोललं तेवढंच वाजणार. नवीन वाक्य हवं तर बाईला बोलावणं भाग. मॉडेल आलं आणि त्याच जुन्या वाक्याचा अर्थ रातोरात बदलला. सही तीच, शाईही तीच.

मला सगळ्यात जास्त राग कशाचा आला माहितेय? आमचा सॉफ्टवेअरवाल्यांचा हिशेब बघा. पूर्वी आम्ही सीडी विकायचो, एकदा पैसे दिले की झालं. आता कुणी काही विकतच नाही. सगळं भाड्याने. ऑफिसचं पॅकेज भाड्याने, फोटो ठेवायची जागा भाड्याने, अँटिव्हायरस भाड्याने. किती माणसं वापरणार, कशासाठी वापरणार, किती महिने, सगळं मोजून दर महिन्याला बिल. वापर बदलला की नवीन दर. या संस्थेनेही आमचं सॉफ्टवेअर वार्षिक लायसन्सवरच घेतलं होतं. म्हणजे ज्या सिस्टीमवर ताईंचा आवाज वाजतो ती सिस्टीम भाड्याची, आणि आवाज मात्र एका दुपारच्या मानधनात कायमचा विकत. हे कुठल्या तर्कात बसतं?

माझा एक मित्र मशीन लर्निंगमध्ये आहे, त्याच्याशी यावरून जुंपली. त्याचे काही मुद्दे बिनतोड आहेत. आंधळ्या माणसाला मराठी पुस्तक ऐकायचं असेल तर यांत्रिक आवाज हवाच, प्रत्येक पानासाठी कुणी स्टुडिओत जाणार नाही. घशाच्या आजाराने आवाज गेलेल्याला स्वतःचा जुना आवाज परत मिळतो, त्याला कोण नको म्हणेल? जेम्स अर्ल जोन्स यांनी तर स्वतः परवानगी दिली होती. २०२२ मध्ये आलेल्या 'ओबी-वान केनोबी' मालिकेतला डार्थ व्हेडरचा आवाज त्यांच्या संमतीने, जुन्या ध्वनिमुद्रणांवरून युक्रेनमधल्या एका कंपनीने तयार केला. ते तेव्हा नव्वदी पार केलेले होते. ठीक आहे, मान्य. पण यातल्या प्रत्येक उदाहरणात माणसाला विचारलेलं आहे. मित्राचा दुसरा मुद्दा असा की पात्र नटाच्या मालकीचं थोडंच असतं? तेही खरं. स्वतः जून स्पेन्सर यांनी मुलं दत्तक घेतली तेव्हा १९५३ मध्ये पेगी सोडली आणि नऊ वर्षं थेल्मा रॉजर्स यांनी ती केली. लोकांनी ऐकली. पण तिथे एका बाईच्या जागी दुसरी बाई आली, तिनेही कागद हातात घेऊन काम केलं आणि पैसे घेतले. इथे ताईंच्या जागी ताईच आहेत, फक्त त्यांना बोलावलेलं नाही.

"शेवटी आवाज म्हणजे तरंगच ना," असंही तो म्हणाला. त्याला मी मेल ब्लँक यांची गोष्ट सांगितली. बग्ज बनी, डॅफी डक आणि कार्टूनमधल्या अर्ध्या प्राण्यांचा आवाज असलेला हा माणूस, मूळचा रेडिओवरचा. १९६१ च्या जानेवारीत त्यांचा भीषण मोटार अपघात झाला. कितीतरी दिवस ते बेशुद्ध होते, हाक मारली तर उत्तर नाही. मग डॉक्टरांनी त्यांच्याऐवजी बग्ज बनीला हाक मारली, आणि ब्लँक त्या सशाच्या आवाजात उत्तरले. पुढे सगळं अंग प्लास्टरमध्ये असताना घरी बिछान्यावर पडल्या पडल्या त्यांनी 'फ्लिंटस्टोन्स'चं काम केलं. तरंग असतील, पण ते माणसाच्या शरीरात कुठेतरी फार खोल राहतात. मित्र म्हणाला, हा भावनिक युक्तिवाद झाला. असेल.

मोठी नावं कोर्टात जाऊ शकतात. जुलै २०२४ मध्ये अरिजित सिंगच्या बाबतीत मुंबई उच्च न्यायालयाने अंतरिम आदेश दिला की त्याच्या आवाजाची परवानगीशिवाय एआयवर नक्कल करता येणार नाही. अमेरिकेत व्हिडिओ गेमला आवाज देणारे कलाकार याच प्रश्नावर जुलै २०२४ पासून जवळजवळ अकरा महिने संपावर होते आणि संमती, मोबदला असल्या गोष्टी त्यांनी करारात घालून घेतल्या. पण त्यांच्यामागे संघटना होती. अरिजितचा आवाज लोक ओळखतात. "मराठीसाठी दोन दाबा" म्हणणाऱ्या बाईचं नाव काय, हे कुणाला माहितेय? तिचा आवाज रोज लाखभर माणसं ऐकत असतील आणि ओळखणारी एकटी नणंद.

मॉडेलं बंद करा असं मी म्हणत नाहीये, माझा पगारही यातूनच येतो. मला हवंय ते फार साधं आहे आणि आमच्या धंद्याला रोज वापरून पाठ आहे. आवाजाचा करार लायसन्ससारखा करा. मुदत घाला, दोन वर्षं म्हणा. काम कुठलं ते लिहा. शिल्लक सांगायला दिलेला आवाज वसुलीला वापरायचा नाही. मॉडेल बनवायचं असेल तर वेगळी सही आणि वेगळे पैसे, आणि मॉडेलने बोललेल्या प्रत्येक नव्या वाक्याची यादी त्या व्यक्तीला दाखवायची. मुदत संपली की मॉडेल पुसायचं किंवा माणसाला पुन्हा फोन करायचा. तेव्हा ताई साठीच्या असतील, आवाज थोडा खाली आलेला असेल. तोच रेकॉर्ड करा. पेन्शनवाल्या आजोबांना कदाचित तो जास्त पटेल.

आमच्या पुढच्या प्रोजेक्टला पुन्हा मराठी आवाज लागणार आहे. त्यासाठी मी वरची कलमं घालून दीड पानाचा मसुदा केला आणि लीगलकडे पाठवला. तिसरा आठवडा चालू आहे. काल तिथल्या एका मुलीने विचारलं की प्रत्येक वाक्याची यादी दाखवायची म्हणजे जरा जास्त होत नाही का. मी तिला म्हटलं, आपल्या सर्व्हरवर कुणी किती वेळा लॉगिन केलं याची यादी आपण तीन वर्षं जपून ठेवतो. ती म्हणाली, बघते. सोमवारी परत विचारणार आहे.